सुटून आला, आता पुढं काय?

राम राम मंडळी. सोयाबीनची सोंगणी चालू आहे, बरेच जण वावरातच मोबाईलवर रेडिओ लावून बसले असतील, तर फार घुमवत नाही. मी तालुक्याच्या विधी सेवा समितीत स्वयंसेवक म्हणून जातो, त्यामुळं जेलात गेलेल्या माणसांच्या घरच्यांशी रोजचंच बोलणं होते, अन् आज त्याच माणसांबद्दल बोलायचंय, म्हणजे सुटून गावात परत आलेल्यांबद्दल.

हा विषय काढला की पारावर दोन वाक्यं ठरलेली. एक, "जेलात फुकटचं खाऊन जाडे होऊन येतेत." दुसरं, "कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडंच." पहिल्याबद्दल मी काही बोलत नाही, ज्यानं आतलं बॅरक पाहिलंय त्यालेच विचारा. दुसऱ्यावर मात्र जगात पन्नास वर्षं झाली अभ्यास चालू आहे.

1974 साली अमेरिकेत रॉबर्ट मार्टिन्सन नावाच्या समाजशास्त्रज्ञाचा लेख आला. त्यानं अन् त्याच्या सोबत्यांनी कैदी सुधारायच्या कार्यक्रमांवरचे 231 अभ्यास चाळले होते, अन् सूर असा निघाला की ह्यातलं खास काही चालत नाही. पुढाऱ्यांना तेच पाहिजे होतं! "काहीच चालत नाही" हे तिथं ब्रीदवाक्यासारखं झालं, पुढं शिक्षा लांबत गेल्या अन् जेलं भरत गेली. 1979 ला त्याच मार्टिन्सननं लिहिलं की बाबा, काही कार्यक्रम चालतात, माझं आधीचं म्हणणं मी मागं घेतो. पण दुसरा लेख वाचते कोण.

मग कॅनडाचे अँड्र्यूज अन् बोंटा, त्यांनी 1990 च्या सुमारास प्रश्नच बदलला. काय चालते हे नंतर, आधी माणूस कोणता ते बघा. ज्याचा पुन्हा गुन्हा करायचा धोका जास्त त्याच्यावर मेहनत घ्या, अन् ज्याचा धोका मुळातच कमी त्याला जास्त छेडू नका, पक्क्या गुन्हेगारांत नेऊन बसवलं तर तो उलट बिघडते. आता आपल्याकडं रानडुकरासाठी कुंपणाला करंट सोडला अन् त्यात माणूस गेला म्हणून आत बसलेला शेतकरी घ्या. गुन्हा मोठाच आहे, एक जीव गेला, पण हा माणूस बाहेर येऊन घरफोडी करणार आहे काय? चोरट्यांच्या सोबत दोन वर्षं काढली तर मात्र ओळखी होतेत, अन् त्या ओळखी गावापर्यंत येतेत.

धाक दाखवून पोरं सुधरतात ही पण एक लाडकी समजूत. न्यू जर्सीच्या राहवे जेलात वांड पोरांना नेऊन जन्मठेपेच्या कैद्यांकडून दम द्यायचा कार्यक्रम सत्तरच्या दशकात सुरू झाला, लई गाजला, अन् पुढं अशा कार्यक्रमांची नीट तपासणी झाली तेव्हा दिसलं की जेल दाखवून आणलेल्या पोरांनी न नेलेल्यांपेक्षा जास्त गुन्हे केले. तरी "दोन सोटे ठेवून द्या साहेब, सुदरते" हे आपल्या ठाण्यासमोर चालूच आहे.

बरं, चालते काय? शिक्षण चालते. 2013 साली रँड नावाच्या संशोधन संस्थेनं अमेरिकेतले तीसेक वर्षांचे अभ्यास एकत्र केले, जेलात शिकलेल्यांपैकी, न शिकलेल्यांपेक्षा, शंभरामागं साधारण तेरा जण कमी पुन्हा जेलात आले. आता मुळात पुस्तक धरून बसणारा माणूस थोडा वेगळाच असते, ही शंका घ्यायला जागा आहे अन् ती त्यांनीही धरली होती, तरी फरक उरलाच.

पण मला सगळ्यात पटलेली गोष्ट म्हणजे मुलाखत. म्हणजे घरचं कोणी भेटायला येणं. मिनेसोटा राज्यात 2003 ते 2007 मधे सुटलेल्या सोळा हजारांवर कैद्यांचा हिशोब काढला, ज्याला आत असताना कोणी भेटायला आलं त्याला नव्या गंभीर गुन्ह्यात शिक्षा होण्याचा धोका 13 टक्क्यांनी कमी. कोर्स नाही, समुपदेशन नाही, नुसती भेट! आता आपल्याकडं भामरागडचा माणूस नागपूर सेंट्रलला असला तर बायकोनं एसटी धरायची, मजुरी बुडवायची, लेकरं शेजारणीकडं टाकायची, ओळखपत्र घरी राहिलं तर गेटवरून माघारी, अन् सगळं जुळलं तर जाळीच्या आडून थोडा वेळ बोलणं, त्यात अर्धा वेळ तो विचारणार शेतीचं काय अन् ही विचारणार वकिलाचं काय. मग सुरुवातीला येतेत, नंतर दिवाळीला, नंतर येतच नाहीत. नागपूरच्या जेलात गळाभेट म्हणून कार्यक्रम झालेत, लेकरं आत जाऊन बापाला भेटतात, चांगलंच आहे, पण ते रोजचं नाही. अन् हे काही परदेशी खूळ नाही बरं, औंध संस्थानानं 1939 सालीच आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत वसवली, तिथं कैदी शेती करतो अन् बायकापोरं सोबत राहतात. आपल्या मोर्शीलाही खुलं कारागृह आहे.

दुसरी गोष्ट काम. डेव्हा पेजर नावाच्या बाईनं मिलवॉकी शहरात सारख्याच शिकल्या-सवरल्या पोरांना नोकरी मागायला पाठवलं, काहींनी फक्त "जेल भोगून आलो" एवढं जास्तीचं सांगायचं. 2003 ला निकाल छापून आला. गोऱ्या पोरांत ज्याच्यावर काही नाही त्याला शंभरातून 34 ठिकाणांहून बोलावणं, जेलवाल्याला 17. काळ्या पोरांत 14 अन् 5. म्हणजे काळ्या अन् काहीच न केलेल्या पोराला जेल भोगलेल्या गोऱ्यापेक्षाही कमी! आपल्याकडं कोणी असा प्रयोग करायची गरज नाही, पाडव्याला सालदार ठेवताना बघून घ्या. "काऊन ठेवू बापा ह्याले, उद्या माह्या कोठ्यातला बैल नेला तं?" अन् जातीचा हिशोब तर आपल्याकडं जुनाच. पारध्यांच्या बेड्यावर, म्हणजे वस्तीवर, जमातीच्या जमाती गुन्हेगार ठरवणाऱ्या 1871 च्या कायद्याचा शिक्का बसला, कायदा 1952 ला गेला, पण शेजारच्या गावात चोरी झाली की गाडी आधी बेड्यावरच. आतही जातीवरून कामं वाटून द्यायचे नियम जेलच्या मॅन्युअलात होते, ते सुप्रीम कोर्टानं ऑक्टोबर 2024 मधे रद्द केले. हो, 2024!

आता आकडे कोणी तोंडावर फेकले तर जरा थांबा. अमेरिकेत सुटलेल्यांपैकी 68 टक्के तीन वर्षांत पुन्हा पकडले गेले, नॉर्वेत दोन वर्षांत साधारण 20 टक्के, हे सगळे सांगतात. पण एकीकडं अटक मोजली, दुसरीकडं शिक्षा, सरळ तुलना होत नाही. आपलंच घ्या, वर्धा नदीच्या यवतमाळकडच्या काठाला दुकानात मिळणारी बाटली पूल ओलांडून वर्धा जिल्ह्यात नेली की केस, तिथं दारूबंदी आहे. तोच माणूस चारदा सापडला की कागदावर सराईत. त्याचं नाव अन् दरोडेखोराचं नाव एकाच रकान्यात.

अन् ह्या बारक्या केसेस पुढं अशा नडतात बघा. देशातल्या जेलांत शंभरातले पंचाहत्तरच्या आसपास कच्चे कैदी आहेत, म्हणजे ज्यांचा निकालच लागला नाही. 1 जुलै 2024 पासून जो नवा कायदा आला, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, त्याचं कलम 479 असं म्हणते की ज्याला आधी कधी शिक्षा झाली नाही अन् ज्यानं त्या गुन्ह्याच्या जास्तीत जास्त शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत काढला, त्याला जामिनावर सोडायचं. बाकीच्यांना अर्धा काळ. फाशी-जन्मठेपेच्या गुन्ह्याला हे लागू नाही, अन् एकापेक्षा जास्त केसेस चालू असतील तरी नाही, तिथंच ती दारूची जुनी केस आडवी येते. म्हणून आधी त्या बारक्या केसेस निकाली काढून घ्या, तारखा चुकवू नका. मुदत भरली की कोर्टात अर्ज करायचं काम जेलच्या अधीक्षकाचं आहे, पण घरच्यांनी विचारलं की कागद लवकर हलते. वकील विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट मिळतो, हेल्पलाईनचा नंबर 15100. फोन लावताना केस नंबर, कलमं अन् अटकेची तारीख एका कागदावर लिहून जवळ ठेवा.