चिखलातला श्वास

नमस्कार मंडळी, मी ऐरोलीहून बोलतेय. गेली तीन वर्षं मी एक कल्पित दुनिया लिहितेय, खारभुवन तिचं नाव, तिथे कोरडी जमीन अशी नाहीच, सगळीकडे चिखल आणि भरती-ओहोटी. त्या दुनियेत लोक एक साधना करतात, मूळश्वास. ती वाचून काही जणांनी मला विचारलं की ताई हे खरंच करता येतं का, तुम्ही क्लास घेता का. म्हणून आज म्हटलं यावरच बोलूया, कारण ही साधना कुठून आली ते सांगितल्याशिवाय उत्तर देणं बरोबर नाही.

पहिल्या खर्ड्यात माझे साधक डोळे मिटून बसायचे, मंत्र म्हणायचे, अंगातून निळा प्रकाश यायचा. लिहून झालं, वाचलं आणि मलाच ते पटेना. कुणी काही गमावत नव्हतं ना त्यात, हवं तेव्हा बसा, हवं ते मिळवा. चाळीस पानं होती, सगळी काढून टाकली.

मग एका रविवारी दिवा कोळीवाड्याच्या बाजूला खाडीवर गेले होते, ओहोटी होती. तिवरांच्या, म्हणजे खाडीकाठच्या खारफुटीच्या झाडांच्या भोवती चिखलातून पेन्सिलीसारखी हजारो मुळं वर आलेली असतात बघा, ती मी लहानपणापासून पाहिलीयेत पण त्या दिवशी खाली वाकून नीट पाहिली. बारीक बारीक छिद्रं असतात त्यांच्यावर. खाडीच्या चिखलात ऑक्सिजन जवळजवळ नसतोच, तो सडक्या अंड्यासारखा वास येतो ना तो त्यामुळेच, मग झाड जमिनीखाली आडवी मुळं पसरतं आणि त्यांच्यावरून ही श्वासमुळं वर काढतं. भरतीत ती बुडतात, आतली हवा वापरली जाते, आतला दाब कमी होतो, आणि पाणी उतरून छिद्रं उघडी पडली की बाहेरची हवा आपोआप आत ओढली जाते. म्हणजे झाड सहा-सहा तासांच्या लयीत श्वास घेतंय! मी तिथेच बसून राहिले. पानाला जीभ लावून पाहिली तर खारट, तिवर जास्तीचं मीठ पानांतून बाहेर टाकतं.

माझी सगळी साधना त्या एका सकाळी मिळाली. खारभुवनातला साधक ओहोटीला गुडघाभर चिखलात बसतो, भरती चढते, तो पाण्याखाली जातो, आणि तोवर त्याच्यासाठी श्वास घेतात वरच्या उंचवट्यावर बसलेले लोक, कारण तिथे सगळ्यांची मुळं एकमेकांत गुंतलेली आहेत. खऱ्या तिवरांचं असं नसतं हं, ते माझं. पाणी उतरलं की साधकाच्या हातावर मिठाचे कण दिसतात, ती त्याची एक आठवण असते, आणि ज्याने त्याच्यासाठी श्वास घेतला त्याला ती देऊन टाकायची. परत मागायची नाही. आईचा आवाज गेला तर गेला.

आणि वेळ? वेळ साधक ठरवत नाही. हे मला कोळीवाड्यातल्या एका आजींनी शिकवलं. मी फोनवर टाइम बघत होते तर त्या निवट्या, म्हणजे खाडीतले मासे, धुता धुता म्हणाल्या, "घड्याल काय बगतस गो, तीथ बग." तिथीला तीनाने गुणायचं, चाराने भागायचं, जो आकडा येईल ती भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. आमची खाडी आत असल्यामुळे मुंबईपेक्षा थोडी उशिराच भरते, पण हिशोब चालतो. रोज भरती साधारण पन्नास मिनिटं पुढे सरकते, म्हणून खारभुवनात कुणी "रोज पहाटे पाचला बसतो" असं म्हणूच शकत नाही. मला ते फार आवडतं, आपण सगळे ठाणे-वाशी लोकलच्या मिनिटांवर जगणारी माणसं.

तर क्लास नाही, आणि कृपा करून खरोखर चिखलात उतरू नका, खाडीचा चिखल माणसाला धरून ठेवतो, पाणी चढायला वेळ लागत नाही. ही साधना गोष्टीतली आहे, तिथेच ती खरी आहे. पण ती ज्या जागेने दिली ती जागा आपली आहे, 2015 मध्ये इथे फ्लेमिंगो अभयारण्य जाहीर झालं, 2022 मध्ये ठाणे खाडी जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत आली, आणि तरी तिवरांत राडारोडा टाकलेला दिसतो तेव्हा मला अक्षरशः घुसमटल्यासारखं होतं, ती मुळं दबली की झाड श्वास कुठून घेणार?

उद्या सप्तमी आहे. म्हणजे भरती सव्वापाचच्या सुमारास, आणि साडेअकरा-बाराला पाणी पार उतरलेलं असेल. मी बांधावर असेन, वही घेऊन.