तोफेचा गोळा जहाजाचं नेमकं काय मोडतो?

नमस्कार. युद्धनौकेवर तोफगोळा पडला म्हणजे काय होतं, असं विचारलं तर बहुतेकांच्या डोळ्यांपुढे प्रचंड स्फोट आणि बुडणारं जहाज येतं. तसं घडलेलं आहे. २४ मे १९४१ रोजी ब्रिटिशांची ‘हूड’ ही भलीमोठी युद्धनौका दारूगोळ्याच्या कोठाराचा स्फोट होऊन काही मिनिटांत गेली. जहाजावर १४१८ माणसं होती, त्यातली तीन वाचली. पण बहुतेक वेळा असं होत नाही. तोफगोळ्याचं भोक बहुधा पाण्याच्या रेषेच्या वर पडतं. खाली भोक पाडण्याचं काम टॉर्पेडो किंवा सुरुंग करतो. गोळ्यांच्या माऱ्याने जहाज आधी निकामी होतं. ते कशाने निकामी होतं हे शोधायला लागलं, की चिलखत आणि तोफा मागे पडतात आणि वायरी, नळ्या, होकायंत्रं, बॉयलर यांच्याकडे लक्ष जातं. आज मला याच गोष्टींबद्दल बोलायचं आहे.

त्यासाठी मी एकच लढाई घेतो आहे. १३ डिसेंबर १९३९, दक्षिण अमेरिकेचा पूर्व किनारा, रिव्हर प्लेटची लढाई. एका बाजूला जर्मनीची ‘अॅडमिरल ग्राफ श्पे’. तिच्यावर २८ सेंटिमीटरच्या सहा तोफा, तीन पुढे आणि तीन मागे. एकेका गोळ्याचं वजन तीनशे किलो. दुसऱ्या बाजूला ब्रिटिशांच्या तीन क्रूझर, म्हणजे मध्यम आकाराच्या वेगवान युद्धनौका: ‘एक्झेटर’वर आठ इंची सहा तोफा, ‘एजॅक्स’ आणि ‘अकिलीस’वर सहा इंची आठ-आठ. सहा इंची गोळा साधारण पन्नास किलोचा. हा फरक लक्षात ठेवा. कोणाचा गोळा मोठा, एवढ्यावरच जर निकाल लागायचा असता, तर ही लढाई तासाभरात जर्मनांनी जिंकून टाकली असती.

ब्रिटिश कमोडोर हेन्री हारवुड यांनी आपल्या जहाजांचे दोन भाग केले, म्हणजे शत्रूला आपला मारा वाटून द्यावा लागेल. सकाळी ६ वाजून १८ मिनिटांनी ‘ग्राफ श्पे’ने तोफा डागायला सुरुवात केली आणि तिचा पहिला रोख होता ‘एक्झेटर’वर. अंतर सतरा-अठरा किलोमीटर. एवढं अंतर कापायला गोळ्याला अर्ध्या मिनिटाच्या आसपास वेळ लागतो. या अर्ध्या मिनिटात समोरच्या जहाजावरचा माणूस तोफेची ज्वाला बघतो आणि वाट पाहतो. यापलीकडे त्याच्या हातात काही नसतं.

‘एक्झेटर’चं पहिलं मोठं नुकसान ज्या गोळ्याने केलं, तो तिला लागलाच नव्हता. तो जहाजाच्या मध्यभागासमोर, थोडा अलीकडे पाण्यात पडून फुटला. तीनशे किलोचा पोलादी गोळा फुटला म्हणजे त्याचे शेकडो तुकडे होतात, नखाएवढ्यापासून विटेएवढे, आणि ते सगळे धारदार असतात. या कपच्यांनी टॉर्पेडोच्या नळ्यांवरची माणसं मारली, धुरांडी आणि सर्चलाइट यांची चाळण केली, जहाजावरचं विमान निकामी केलं आणि संपर्काच्या वायरी तोडल्या. जहाज तसंच पुढे चाललं होतं, तोफा तशाच गर्जत होत्या. दुरून पाहणाऱ्याला वाटलं असतं, नेम चुकला.

मग खरा गोळा लागला, पुढच्या ‘बी’ टरेटवर. टरेट म्हणजे दोन तोफांचं ते फिरतं पोलादी घर. ते गेलंच, पण त्याच्या लगेच मागे उंचावर ब्रिज असतो, जिथून कप्तान जहाज चालवतो. कपच्यांचा झोत ब्रिजवरून फिरला. कप्तान बेल आणि आणखी दोघे सोडले तर तिथे असलेला प्रत्येक जण ठार किंवा जखमी झाला. बेल यांच्याही चेहऱ्याला जखमा झाल्या. सुकाणूघराशी बोलण्याची साधनं संपली.

इथे थोडं थांबू या. या क्षणी ‘एक्झेटर’ची इंजिनं ठीक आहेत. सुकाणू ठीक आहे. सहापैकी चार तोफा ठीक आहेत. पण कप्तानाच्या तोंडचा शब्द सुकाणूपर्यंत पोचायला मार्ग नाही, आणि पूर्ण वेगाने जाणारं आठ हजार टनांचं जहाज काही क्षण कोणाच्याच ताब्यात नाही. बेल मागच्या पर्यायी ठाण्यावर गेले. तिथूनही दूरध्वनी लागेना. तेव्हा त्यांनी खलाशांची साखळी उभी केली. कप्तान म्हणणार ‘डावीकडे वीस’, पहिला खलाशी दुसऱ्याला ओरडून सांगणार, दुसरा तिसऱ्याला, आणि असं करत आज्ञा खाली सुकाणू फिरवणाऱ्यापर्यंत जाणार. विजेवर चालणारी होकायंत्रं बंद पडली होती, म्हणून एका होडीतलं छोटं होकायंत्र काढून आणलं. सभोवती एवढं लोखंड असताना ते किती खरं सांगणार? तरीही त्याच्यावर भरवसा ठेवून जहाज लढत राहिलं. मला या सगळ्या लढाईत सर्वांत मोठी वाटते ती ही साखळी. त्यात उभ्या राहिलेल्या बहुतेकांची नावं कोणाला माहीत नाहीत. गोळे पडत असताना, भोवती आगी लागलेल्या असताना, एकाने दुसऱ्याला शब्द न बदलता सांगायचा, एवढंच त्यांचं काम होतं, आणि त्यावर जहाज तरलं.

पुढचं ‘ए’ टरेटही गेलं. जहाज एका बाजूला कललं, पोटात पाणी शिरलं. मागचं एकटं ‘वाय’ टरेट हाताने नेम धरून गोळे टाकत राहिलं. ते शेवटी बंद पडलं ते शत्रूच्या थेट गोळ्याने नव्हे, तर पाण्यामुळे वीज तुटली म्हणून. ‘एक्झेटर’वर ६१ माणसं गेली. ती फॉकलंड बेटांकडे वळली आणि स्वतःच्या बळावर तिथे पोचली.

‘अकिलीस’ची कथा लहान आहे, पण तिच्यात सगळं येतं. ६ वाजून ४० मिनिटांनी एक गोळा तिच्याजवळ पाण्यावर फुटला. ब्रिजच्या वर डायरेक्टर टॉवर असतो. सगळ्या तोफांचा नेम तिथून एकत्र ठरतो. त्याचा पत्रा फार जाड नसतो, कारण उंचीवर जास्त वजन ठेवलं तर जहाज अस्थिर होतं. कपच्या त्यातून आरपार गेल्या. या एका गोळ्याने चार माणसं मारली. तोफखान्याचे अधिकारी वॉशबर्न यांच्या डोक्याला जखम झाली. कप्तान पॅरी यांच्या पायात तुकडे घुसले. शेजारी मृत सहकारी पडलेले असताना टॉवरमधल्या उरलेल्यांनी काम पुढे चालू केलं. सार्जंट ट्रिम्बल गंभीर जखमी असूनही लढाई संपेपर्यंत जागचे हलले नाहीत.

याच माऱ्यात ‘अकिलीस’चा ‘एजॅक्स’शी असलेला बिनतारी संपर्क तुटला. याचा परिणाम बघा. दोन्ही जहाजं एकत्र नेम धरत होती आणि ‘एजॅक्स’चं विमान वरून कळवत होतं की गोळे अलीकडे पडताहेत की पलीकडे. संपर्क तुटल्यावर ‘अकिलीस’ स्वतंत्र मारा करू लागली, पण हे विमानाला कळलं नाही. ‘अकिलीस’चे गोळे अलीकडे पडले; विमानाने कळवलं, ‘अलीकडे’. ‘एजॅक्स’ला वाटलं हे आपल्याबद्दल आहे. तिने अंतर वाढवलं आणि तिचे गोळे शत्रूच्या पलीकडे जाऊ लागले. म्हणजे एका जहाजावर एरियल तुटली आणि दुसऱ्या धडधाकट जहाजाचा नेम वीस-पंचवीस मिनिटं बिघडला!

‘एजॅक्स’ला ७ वाजून २५ मिनिटांनी मागच्या बाजूला एक गोळा लागला. त्याने एक टरेट मारलं आणि शेजारचं जागच्या जागी अडकवलं. एका गोळ्यात चार तोफा आणि सात माणसं. नंतर तिची डोलकाठीही तुटली.

आता ‘ग्राफ श्पे’. तिला वीसच्या आसपास गोळे लागले, बहुतेक सहा इंची. जाड चिलखतापुढे त्यांचं काही चाललं नाही. दोन्ही मोठी टरेटं शाबूत, डिझेल इंजिनं शाबूत, तळ शाबूत. वरून पाहिलं तर विजयी जहाज तीच होती. तरी कप्तान हान्स लांग्सडॉर्फ यांनी शत्रूकडे पाठ फिरवून मोंटेव्हिडिओचं बंदर गाठलं.

कारण गोळे कुठे लागले ते बघायला हवं. ‘एक्झेटर’चा एक आठ इंची गोळा वरची डेक फोडून धुरांड्याच्या परिसरात फुटला. तिथे एक साहाय्यक बॉयलर होता. लढाईच्या दृष्टीने त्याला काडीचंही महत्त्व नव्हतं. त्याची वाफ इंधन शुद्ध करायला, गोडं पाणी करायला आणि स्वयंपाकाला लागायची. डिझेल इंजिनाला कच्चं, गाळ असलेलं तेल चालत नाही. शुद्धीकरणाची व्यवस्था मोडली, म्हणजे टाक्यांत तेल असूनही वापरण्याजोगं इंधन उरलं जेमतेम काही तासांचं. दुसऱ्या माऱ्यांत भटारखाना गेला, आणि जहाजावर हजाराहून जास्त माणसं. नाळेच्या, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाच्या, बाजूला पत्र्यात माणूस उभा राहील एवढं खिंडार पडलं होतं. शांत पाण्यात त्याने काही बिघडत नाही. डिसेंबर-जानेवारीत उत्तर अटलांटिकच्या लाटा अंगावर घेत जर्मनीला जायचं असेल तर बिघडतं. शिवाय मोठ्या तोफांचा निम्म्याहून जास्त दारूगोळा संपलेला.

उरुग्वे तटस्थ देश. तटस्थ बंदरात जहाज समुद्रात जाण्यालायक करण्यापुरतीच दुरुस्ती करता येते, लढण्यालायक करण्याची नाही. मुदत मिळाली ७२ तासांची. तेवढ्यात नाळेचं भोक कसंबसं बुजलं असतं, शुद्धीकरणाची यंत्रणा नाही. १७ डिसेंबरच्या संध्याकाळी लांग्सडॉर्फ यांनी जहाज बंदराबाहेर नेलं आणि स्वतःच सुरुंग लावून उडवलं. तीन दिवसांनी ब्यूनोस आयर्समध्ये त्यांनी स्वतःवर गोळी झाडून घेतली. या माणसाने नऊ व्यापारी जहाजं बुडवली होती, आणि त्या जहाजांवरच्या एकाही खलाशाचा जीव घेतला नव्हता. हे मला मुद्दाम सांगावंसं वाटतं.

आता नेहमी सांगितलं जातं की ब्रिटिशांनी मोठं आरमार बाहेर टपून बसल्याची अफवा पसरवली आणि लांग्सडॉर्फ फसले. अफवा पसरवली गेली हे खरं. ते तिला भुलले हेही खरं. पण माझं ठाम मत आहे की अफवा नसती तरी त्यांच्यापुढचा प्रश्न सुटत नव्हता. बाहेरची दोन-तीन जहाजं त्यांनी हटवली असती, पुढे काय? दहा हजार किलोमीटरहून लांब घर, आणि एका दिवसाचंही इंधन हाताशी नाही. हा निकाल त्या बॉयलरवर गोळा पडला त्या क्षणी लागला होता, आणि तो गोळा टाकणारं जहाज स्वतः मोडून पडत होतं.

हे एकदाच घडलेलं नाही. मे १९४१ मध्ये जर्मनीच्या ‘बिस्मार्क’च्या नाळेत ब्रिटिशांच्या ‘प्रिन्स ऑफ वेल्स’चा एक गोळा आरपार गेला, स्फोट झालाच नाही, पण पुढच्या टाक्यांतलं हजार टनांच्या आसपास तेल वापरता येईनासं झालं आणि अटलांटिकमधल्या मोहिमेचा बेत सोडून ‘बिस्मार्क’ला फ्रान्सची वाट धरावी लागली. आणि ‘एक्झेटर’? ती दुरुस्त होऊन परत आली. २७ फेब्रुवारी १९४२ रोजी जावाच्या समुद्रात एक जपानी गोळा तिच्या बॉयलरखोलीत फुटला. आठपैकी सहा बॉयलर बंद. वेग घटला, ती रांगेतून वळली. मागच्या जहाजांना वाटलं वळायचा हुकूम आहे, तीही वळली, आणि दोस्तांची सगळी फळी विस्कटली. १ मार्चला ती बुडाली.

‘अकिलीस’चं पुढे काय झालं, ते आपल्याला जवळचं आहे. जानेवारी १९४३ मध्ये पॅसिफिकमधल्या ग्वाडलकॅनाल बेटाजवळ विमानाचा बॉम्ब तिच्या मागच्या ‘एक्स’ टरेटवर पडला, १३ जण गेले. दुरुस्तीत ते टरेट काढून टाकलं. १९४८ साली हे जहाज भारताने घेतलं आणि ‘दिल्ली’ असं नाव ठेवलं. ती आपल्या नौदलाची ध्वजनौका झाली. ज्यांनी ‘दिल्ली’ मुंबई बंदरात पाहिली आहे, किंवा तिचे फोटो पाहिले आहेत, त्यांना आठवेल: पुढे दोन टरेटं, मागे एकच. त्या रिकाम्या जागी १९४३ साली माणसं मेली होती. आणि ती मुंबईत आली तेव्हा नौदलाचे प्रमुख कोण होते? व्हाइस अॅडमिरल एडवर्ड पॅरी. म्हणजे तेच, ज्यांच्या पायात ‘अकिलीस’च्या ब्रिजवर कपच्या घुसल्या होत्या. स्वतंत्र भारताचं कोवळं नौदल घडवणाऱ्या या माणसाला वायर तुटली की जहाजाचं काय होतं, हे पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं. १९६१ साली दीवच्या कारवाईत ‘दिल्ली’च्या तोफा पुन्हा बोलल्या. १९७८ साली तिला मुंबईत निरोप दिला गेला; तिचं मागचं उरलेलं टरेट, ‘अकिलीस’ म्हणून ती ज्यांच्या ताफ्यात होती त्या न्यूझीलंडला भेट दिलं, ते ऑकलंडच्या नौदल तळाच्या दाराशी उभं आहे.

आज तोफेची जागा क्षेपणास्त्राने घेतली, पण जहाजाच्या आतलं गणित तेच आहे. म्हणून नौदलात प्रत्येकाला, मग तो स्वयंपाकी असो की कारकून, नुकसान आटोक्यात आणण्याचं शिक्षण घ्यावं लागतं. आपल्याकडे त्याची शाळा लोणावळ्याला, ‘आयएनएस शिवाजी’त आहे. तिथे पोलादी खोलीत भोकांतून पाणी आत सोडतात, दिवे घालवतात, आणि कमरेएवढ्या पाण्यात उभ्या असलेल्या मुलांनी लाकडी खुंट्या, पाचरी आणि टेकू वापरून भोकं बुजवायची असतात. आणि तिथेही आज्ञा एकाने दुसऱ्याला ओरडून सांगायची असते, शब्द न बदलता.