शपथेला साक्षीदार लागतो

मंडळी, पत्रिकेत विषय ‘मानलेले भाऊ : इतिहासात आणि सिनेमात’ असा छापलाय. पण कोल्हापुरात बोलायचं तर सुरुवात तालमीतूनच होणार.

माझ्या वडिलांचा तालमीत एक जोडीदार होता. पहाटे दोघं मिळून हौद्याची माती उकरायचे, कुंडीत बदाम घोटायचे. जोतिबाच्या डोंगरावर, हातात गुलाल घेऊन, वस्तादांसमोर दोघांनी शपथ घेतलेली. रोज तालमीत एकमेकांना उचलून आपटायचे, पण चार गावांसमोर भावाची पाठ मातीला लावायची नाही, हे त्यातच ठरलेलं. पुढं एका यात्रेत पंचांनी नेमकी याच दोघांची जोड लावली. इनाम घसघशीत. खरं लढावं तर शपथ मोडते, ढिलं लढावं तर नुरा कुस्ती, म्हणजे आधीच ठरवलेली खोटी लढत! दोघं लंगोट कसून आत आले, सलामी दिली, माती कपाळाला लावली आणि बाहेर पडले. मैदानात हुर्यो उडाली. पंच वस्तादांवर धावून गेले. वस्ताद म्हणाले, “शपथ माझ्यासमोर झालीया. जोड लावायच्या आधी मला इचारायचं.”

माझा सगळा मुद्दा या माणसात आहे. शपथ दोघांची, पण ती राखायचं ओझं तिसऱ्यावरही असतं. राम-सुग्रीवांचं सख्य अग्नीच्या साक्षीनं झालं. तरी पावसाळा सरल्यावर सुग्रीव महालातून हलेना, तेव्हा लक्ष्मणाला जाब विचारायला जावं लागलं. अग्नी काही बोलायला येत नाही, मंडळी!

चिठ्ठी आलीय, दहाच मिनिटं उरलीत. मग सिनेमाचं झटकन सांगतो. पडद्यावर मानलेल्या भावांतला एक हमखास मरतो, टाळ्या पडतात, आपण डोळे पुसत बाहेर येतो. पण मरणं सोपं आहे हो, पुढची तीस वर्षं निभावणं अवघड. ते कुणी दाखवत नाही. चीनमधल्या तीन वीरांची पीचच्या बागेतली शपथ जगभर गाजली. ती कादंबरीतली. जुन्या इतिहासग्रंथात एवढंच आहे, की ते एका बिछान्यावर झोपायचे आणि त्यांची माया भावांसारखी होती.

आता मोडलेल्या शपथा. तेमुजिन, म्हणजे पुढचा चंगीझ खान, आणि जमुखा. लहानपणी गोठलेल्या ओनोन नदीवर खेळताना घोट्याची हाडं बदलून भाऊ झाले, मग बाण बदलून, मोठेपणी सोन्याचे कमरपट्टे आणि घोडे बदलून. तीनदा! तरी शेवटी जमुखा तेमुजिनच्याच हुकमानं मेला. पंजाबचे रणजितसिंग आणि शीख सरदार फतेहसिंग अहलुवालिया 1802मध्ये पगड्या बदलून पगडीभाऊ झाले. 1825च्या सुमारास याच भावाला धास्तावलेले फतेहसिंग सतलज ओलांडून इंग्रजांच्या आसऱ्याला निघून गेले. एक भाऊ महाराजा झाला, की त्याला विचारणारा वस्ताद उरत नाही.

आणि रक्ताचं म्हणाल, तर सातारचे शाहू महाराज आणि आपले कोल्हापूरचे दुसरे संभाजी महाराज सख्खे चुलत भाऊ. त्यांना 1731मध्ये वारणेचा तह करावा लागला. कलमं घालून, हद्दी आखून!

वेळ संपली. पण ज्यांच्या घरी अशा शपथेची आठवण आहे, ती कुणासमोर झाली, कशाला हात लावून झाली, पुढं कुणी निभावली, त्यांनी कृपा करून थांबा. मी वही आणलीय. सांगणारी म्हातारी माणसं फार थोडी उरलीत.