थोरले ग्लॅडस्टोन

मंडळी, ग्लॅडस्टोन म्हटलं की आपल्याला आठवतो तो विल्यम. चार वेळा ब्रिटनचा पंतप्रधान झालेला, लॉर्ड रिपनला व्हाइसरॉय म्हणून इकडे धाडणारा. मी बोलणार आहे त्याच्या वडिलांबद्दल, म्हणजे जॉन ग्लॅडस्टोनबद्दल. घरात पैसा आला तो त्यांच्यामुळे.

जॉन १७६४ मध्ये स्कॉटलंडच्या लीथ बंदरात जन्मले, धान्याच्या व्यापाऱ्याच्या घरात. लिव्हरपूलला येऊन त्यांनी तोच धंदा धरला. हिंदुस्थानच्या व्यापारावरची ईस्ट इंडिया कंपनीची मक्तेदारी १८१३ मध्ये उठली आणि पुढच्याच वर्षी या गृहस्थांचं ‘किंग्जमिल’ जहाज कलकत्त्याला निघालं. लिव्हरपूलहून इकडे येणारं ते पहिलं. दार किलकिलं होताच आत पाय घालणारा माणूस!

मोठी माया मात्र साखरेतून जमली. डेमेरारा, म्हणजे दक्षिण अमेरिकेतल्या आजच्या गयानाचा भाग, तिथला ‘सक्सेस’ हा मळा १८१६ पर्यंत पूर्ण त्यांच्या मालकीचा झाला. कॉफी गेली, ऊस आला. उसाचं काम जिवावरचं, आणि ते करायला गुलाम. मालकांनी मात्र तो मळा आयुष्यात एकदाही पाहिला नाही. सगळा कारभार पत्रांवर.

राजकारणही याच पेढीचं एक खातं होतं असं माझं मत आहे. १८१२ मध्ये जॉर्ज कॅनिंग या राजकारण्याला लिव्हरपूलमधून निवडून आणण्यात यांचा पुढाकार होता. पुढे १८१८ पासून नऊ वर्षं स्वतः खासदार. वेस्ट इंडीजच्या मळेवाल्यांच्या लिव्हरपूलमधल्या संघटनेचे अध्यक्षही तेच.

आता गंमत पाहा. १८२३ मध्ये गुलामांची स्थिती सुधारण्याचे ठराव संसदेत मांडले ते याच कॅनिंगने. बातमी डेमेरारात पोचली, मळेवाल्यांनी दाबून ठेवली, आणि कुजबुज सुरू झाली की राजाने स्वातंत्र्य दिलंय, मालक ते देत नाहीत. १८ ऑगस्टला उठाव झाला. हजारो लोक उठले, आणि पुढारी निघाले ‘सक्सेस’ मळ्यावरचेच: क्वामिना आणि त्याचा मुलगा जॅक. मुलाचं आडनाव ग्लॅडस्टोन, कारण मालकाचं तेच! गोऱ्यांना शक्यतो मारायचं नाही, कोंडून ठेवायचं, असा उठाववाल्यांचा बेत होता. सरकारने शेकडो माणसं मारली. क्वामिनाला गोळी घातली आणि त्याचं प्रेत ‘सक्सेस’समोर टांगून ठेवलं. इकडे लिव्हरपूलमध्ये जॉनसाहेब वर्तमानपत्रांत पत्रं लिहून गुलामीची बाजू लढवत होते.

१८३३ मध्ये गुलामी रद्द करायचा कायदा आला. त्या वर्षीच्या चर्चेत तरुण विल्यमने कॉमन्समध्ये, म्हणजे संसदेच्या कनिष्ठ सभागृहात, वडिलांच्या डेमेरारातल्या ‘व्रीडेनहूप’ मळ्याची बाजू मांडली. तिथे साखर वाढली तशी माणसं मेली, असा आरोप होता. सरकारने मालकांना भरपाई दिली दोन कोटी पौंड. त्यातले एक लाखाहून अधिक पौंड जॉनना मिळाले, अडीच हजारांवर माणसांच्या बदल्यात. त्या माणसांना? छदामही नाही.

पण ऊस तोडणार कोण? ४ जानेवारी १८३६ ला जॉननी कलकत्त्याच्या गिलँडर्स, आर्बथनॉट कंपनीला पत्र लिहून मजुरांची चौकशी केली. ही कंपनी आधीच मॉरिशसला माणसं पाठवत होती; त्याच मॉरिशसला पुढे कोकणातूनही लोक गेले. कंपनीचं उत्तर वाचण्यासारखं आहे: अडचण काही नाही, कारण आपण कुठे चाललोय आणि प्रवास किती लांबचा आहे, हे या लोकांना मुळीच कळत नाही. मला त्या पत्रातली ही सहजता सगळ्यात भयंकर वाटते. अडचण नाही, कारण माहिती नाही!

१८३८ मध्ये ‘व्हिटबी’ आणि ‘हेस्परस’ ही जहाजं इथून सुमारे चारशे जणांना घेऊन डेमेराराला पोचली. त्यात छोटा नागपूरकडचे डोंगराळ भागातले लोक बरेच. वर्षभरात चाबकाच्या तक्रारी लंडनला गेल्या आणि इथून मजूर नेण्यावर बंदी आली. ती काही वर्षांतच उठली. १९१७ पर्यंत दोन लाखांहून जास्त माणसं या वाटेने गयानाला गेली. जॉननी ‘व्रीडेनहूप’ विकून टाकला, १८४६ मध्ये ‘सर’ झाले आणि १८५१ मध्ये स्कॉटलंडमधल्या आपल्या फास्क इस्टेटीत वारले.

२०२३ च्या ऑगस्टमध्ये, उठावाला दोनशे वर्षं झाली तेव्हा, त्यांचे वंशज गयानाला गेले आणि जाहीर माफी मागितली. गुलामांसाठी मागितली, तशी गिरमिटियांसाठीही, म्हणजे इथून करारावर नेलेल्या मजुरांसाठीही.