उडी टाकून दिलेला झहीर

(रत्नागिरीतील व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)

भातकापणी उरकली की तुमच्यापैकी निम्मे जण सड्यावर बॉल टाकायला पळता. म्हणून डावखुरा वेगवान बोलर झहीर खानच्या 311 कसोटी विकेट्सचा पाढा आज वाचत नाही. त्याने काय टाकून दिलं, ते बघू.

2000 साली भारतीय संघात आलेला झहीर क्रीजपाशी उंच उडी घ्यायचा. देखणी होती, यात शंका नाही. पण पुढचा पाय आपटतो तेव्हा घोटा, गुडघा आणि कंबर यांच्यावर शरीराच्या वजनाच्या कितीतरी पट भार येतो. उडी जितकी उंच तितका दणका मोठा. आपल्या कातळावर तर विचारूच नका, पोटऱ्या दोन स्पर्धांत बोलायला लागतात. 2006 मध्ये तो वूस्टरशायरकडून कौंटी, म्हणजे इंग्लंडमधलं स्थानिक क्रिकेट, खेळला. तिथे आठवड्यामागून आठवडे लांबलांब स्पेल, म्हणजे सलग ओव्हर्स, टाकायचे. त्याने रनअप आखडला, उडी काढून टाकली. वेग थोडा उतरला, पण मोसमात 78 विकेट्स निघाल्या. पुढच्या वर्षी इंग्लंडविरुद्ध ट्रेंट ब्रिजच्या एकाच कसोटीत नऊ.

आता चेंडू. नवा असताना तो खडबडीत बाजूकडे वळतो. पुरता झिजला आणि एक बाजू राखलेली असली की चकचकीत बाजूकडे, हाच रिव्हर्स. बॅट्समन रनअपमध्येच चकाकी कुठे आहे ते हेरतो. म्हणून झहीर डाव्या हातातला चेंडू उजव्या पंजाने झाकून धावायचा. सोडेपर्यंत काही कळायचं नाही. आपल्या हवेत खरी भानगड घामाची. चकाकीला घाम चालतो, खडबडीत बाजूला ओल लागली की ती बसते आणि रिव्हर्स संपतो. ज्याचे हात कोरडे राहतात असा एकच गडी नेमा. चेंडू बोलरकडे त्याच्याच हातून जाऊ दे. जांभ्याच्या मैदानावर उलटी गंमत होते: दोन्ही बाजू एकदमच खरवडतात, मग काहीच वळत नाही.

नकल बॉल, म्हणजे हात वेगात फिरूनही हळू येणारा चेंडू, तुम्हाला आवडतो, ठाऊक आहे. पहिली दोन बोटं दुमडून पेरं चेंडूवर टेकवायची, खालून अंगठ्याचा आधार, आणि हात नेहमीच्याच वेगाने फिरवायचा. चुकतं ते इथेच. हात मंदावला की बॅट्समन ओळखतो, बोटं घामेजली की फुलटॉस. 2011 च्या विश्वचषकात अहमदाबादला ऑस्ट्रेलियाच्या माइक हसीचा त्रिफळा याच चेंडूने उडाला.

त्या स्पर्धेत त्याच्या 21 विकेट्स. वानखेडेवरच्या अंतिम सामन्यात पहिल्या पाच ओव्हर्समध्ये तीन निर्धाव, सहा धावा, एक विकेट. उरलेल्या पाचांत मात्र 54 गेल्या. हेही सांगायला हवं, कारण वानखेडेचं कौतुक करताना लोक पहिला स्पेलच सांगतात.

उडी काढून टाकली म्हणून शरीर वज्राचं झालं नाही. जुलै 2011 मध्ये लॉर्ड्सला पहिल्याच दिवशी मांडीचा स्नायू गेला. तरी शेवटच्या कसोटीत, 2014 ला वेलिंग्टनमध्ये, पस्तिशीतल्या या माणसाने एका डावात 51 ओव्हर्स टाकल्या. पाच विकेट्स काढल्या. त्यातला पाचवा न्यूझीलंडचा कर्णधार ब्रेंडन मॅकलम, 302 धावांवर.