चांदी: स्वच्छ पाण्याची राखणदार

हा ट्रेकिंगच्या मोज्याचा धागा, सूक्ष्मदर्शकाखाली. त्यावर चमकणारे ठिपके चांदीचे आहेत.

ताज्या घामाला जवळजवळ वास नसतोच. त्वचेवरचे जिवाणू घामातले घटक तोडतात आणि वास तिथून सुरू होतो. पॉलिएस्टरला तो जास्तच धरून राहतो. म्हणून डोंगरात दिवसेंदिवस अंगावर राहणाऱ्या कपड्यांत चांदी घालतात. ओलावा मिळाला की तिचे आयन, म्हणजे विद्युतभार असलेले अतिसूक्ष्म कण, सुटतात, जिवाणूच्या प्रथिनांमधल्या गंधकाला घट्ट धरतात आणि त्याचं श्वसन चालवणारे एन्झाइम निकामी करतात. कोरड्या कापडातली चांदी मात्र फारसं काही करत नाही.

आता हाच मोजा पाण्यात. अमेरिकेतल्या ॲरिझोना स्टेट विद्यापीठाच्या संशोधकांनी २००८ साली चांदीयुक्त मोजे धुऊन पाहिले. काही मोज्यांतली जवळजवळ सगळी चांदी चार धुण्यांतच निघून गेली! ती सांडपाण्यात जाते. तिथे बरीचशी गंधकाशी जोडली जाऊन निवळते, पण मोकळे आयन मासे आणि पाणपिसवांसारख्या जिवांना घातक असतात. केवळ वास टाळण्यासाठी ही किंमत मला तरी जास्त वाटते.

पिण्याच्या पाण्यात चांदीचा उपयोग जुना आहे. प्राचीन ग्रीक इतिहासकार हिरोडोटस लिहितो, की इराणचा सम्राट सायरस मोहिमेवर निघाला की खोआस्पिस नदीचं पाणी चांदीच्या भांड्यांतून सोबत नेलं जाई. त्याच वाक्यात आणखी एक शब्द आहे, जो बहुतेक जण वगळतात: ते पाणी आधी उकळलेलं असे.

चांदीचं खरं काम तिथेच कळतं. ती सावकाश मारते, तिला तास लागतात. विषाणूंवर तिचा भरवसा नाही, क्रिप्टोस्पोरिडियमसारख्या चिवट परजीवींवर तर नाहीच. पाणी निर्जंतुक करण्याचा मुख्य उपाय म्हणून तिच्या बाजूने पुरेसा पुरावा नाही, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ च्या अहवालात नोंदवलं. पण शुद्ध झालेलं पाणी राखायला ती उत्तम. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाच्या रशियन विभागात साठवलेलं पाणी चांदीनेच टिकवतात. फिल्टरमधल्या कोळशावर तिचा मुलामा देतात, तोही कोळशातच जिवाणूंनी घर करू नये म्हणून.

ओढ्याचं पाणी बाटलीत भरताना क्रम तोच ठेवा: आधी गाळा, मग उकळा किंवा क्लोरीन वापरा. ते पाणी बरेच दिवस साठवायचं असेल, तरच चांदीचे आयन सोडणारी गोळी टाका.