नदीला वाट देणारी भिंत : ख्मेर साम्राज्याचे दगडी पूल

कंबोडियातील सिएम रीपहून नॉम पेन्हकडे निघालेला राष्ट्रीय मार्ग क्रमांक ६ काम्पाँग क्डेई या गावी एका जुन्या पुलाजवळ येतो. स्पीअन प्राप्तोस हे त्याचे नाव. बाराव्या शतकाच्या अखेरीस, कंबोडियातील ख्मेर साम्राज्याच्या सातव्या जयवर्मन राजाच्या काळात तो उभारला गेला असे मानले जाते. त्याची लांबी सुमारे ८० मीटर आहे, कमानी वीसहून अधिक आहेत आणि कठड्यांच्या टोकांना नऊ मुखांचे नाग फणा उभारून बसले आहेत.

कोकणातल्या किंवा गोव्यातल्या माणसाला या पुलाचा दगड ओळखीचा वाटेल, कारण तो जांभा आहे. जमिनीतून काढताना हत्याराने सहज कापला जाणारा हा दगड वारा-ऊन लागल्यावर कठीण होतो, आणि ख्मेर गवंड्यांनी त्याच्या या गुणाचा पुरेपूर उपयोग करून घेतला.

आता कमानींकडे नीट पाहा. एरवी कमानीतले पाचरीसारखे घडवलेले दगड एकमेकांना रेटून धरतात आणि माथ्यावरचा चावीचा दगड त्यांना जखडून ठेवतो. इथे तशी रचना नाही. इथे प्रत्येक थर खालच्या थराच्या थोडा पुढे काढलेला आहे, आणि दोन्ही बाजूंचे थर असे जवळ येत येत वर एकत्र मिळतात. यादवकालीन देवळांतील कित्येक छतेही याच तत्त्वावर उभी आहेत. मात्र थर फार पुढे काढला तर तो ढासळतो, म्हणून या पद्धतीत रुंद गाळा, म्हणजे दोन खांबांमधले मोठे अंतर, साधत नाही. त्यामुळे गाळे अरुंद ठेवावे लागले, खांब जाड करावे लागले, कमानी उंच न्याव्या लागल्या, आणि पावसाळ्यातले पाणी निघून जावे म्हणून त्यांची संख्या वाढवावी लागली. लांबून हा पूल फटी ठेवलेल्या भिंतीसारखा दिसतो तो यामुळेच. साधनांची मर्यादा इतक्या स्पष्टपणे ओळखून केलेले बांधकाम मला अंगकोर या ख्मेर राजधानीतील मंदिरांच्या भव्य शिखरांइतकेच आदरणीय वाटते.

हे पूल साम्राज्याच्या मार्गांचे दुवे होते. अंगकोरमधल्या प्रेआ खान मंदिरातील इ. स. ११९१ च्या संस्कृत शिलालेखात या मार्गांवरील १२१ विश्रामगृहांचा उल्लेख आहे. त्यांपैकी ५७ आजच्या व्हिएतनाममधील चंपा राज्याच्या राजधानीकडे जाणाऱ्या वाटेवर, तर १७ आजच्या थायलंडमधील फिमाईच्या वाटेवर होती. लेखात त्यांना ‘वह्निगृह’, म्हणजे अग्नीचे घर, म्हटले आहे.

स्पीअन प्राप्तोसवरून या शतकाच्या आरंभापर्यंत महामार्गाची अवजड वाहतूक चालत होती. पुढे तिच्यासाठी शेजारून वेगळा मार्ग काढण्यात आला, आणि जुन्या पुलावर हलकी वाहने राहिली.

अंगकोरमधल्या स्पीअन थ्मा पुलाच्या वाट्याला मात्र वेगळेच काही आले. त्याच्या नावाचा अर्थच ‘दगडी पूल’. जुन्या इमारतींचे वालुकाश्म पुन्हा वापरून तो रचलेला असल्यामुळे त्याच्या खांबांत मध्येच एखादा कोरीव तुकडा दिसतो. याच्या १४ कमानींचे गाळे जेमतेम एक मीटर रुंद आहेत आणि मधले खांब त्याहून जाड. कालांतराने सिएम रीप नदीने आपले पात्र बदलले. आज ती या पुलाला वळसा घालून शेजारून वाहते, आणि कमानींखालच्या कोरड्या जमिनीवर झाडांची मुळे पसरली आहेत.